स्वीडिशमधलं 'बागेरी' म्हणजे बेकरीच ना? मग दर वेळी वेगळंच काहीतरी का निघतं?

मृद्गंध:

मंडळी नमस्कार,

सप्टेंबरपासून लुंडमध्ये आहे, दक्षिण स्वीडन, माल्म्योपासून ट्रेननी दहा-बारा मिनिटं. एसएफआय म्हणजे बाहेरून आलेल्यांसाठीचा सरकारी स्वीडिशचा क्लास चालू आहे आणि भाषा आवडायला लागलीये, पण एका साध्या शब्दावर गाडी अडलीये आणि क्लासमध्ये सारखं सारखं विचारायला नको वाटतं म्हणून इथे विचारते.

शब्द आहे बागेरी (जोर शेवटच्या 'री'वर). पुस्तकात पहिल्याच आठवड्यात आला, अर्थ बेकरी, ठीक. मग मी क्लासमधल्या एका मैत्रिणीला म्हटलं की शनिवारी बागेरीत भेटू, कॉफी घेत निवांत बसू. ती म्हणाली बसायचंय तर कोंडितोरी म्हण, बागेरीत बसायला काय असणार. आणि खरंच, मी सांगितलेल्या दुकानात काउंटर, मागे भट्टी, पाव घ्या आणि निघा, एक खुर्ची नाही.

मग वाचनाच्या तासाला एक जुनी बातमी आली. उत्तरेत एल्व्सबीनला 2020 च्या ऑगस्टमध्ये पोलारब्र्योद या ब्रेड कंपनीचं 'बागेरी' आगीत जळलं. मला वाटलं कोपऱ्यावरचं दुकान असेल, फोटो बघितला तर अख्खा कारखाना! म्हणजे एकच शब्द गल्लीतल्या भट्टीलाही आणि एवढ्या मोठ्या फॅक्टरीलाही?

आणि गेल्या रविवारी समुद्रावरचा पूल ओलांडून डेन्मार्कमध्ये कोपनहेगनला गेलो तर पाटीवर तेच स्पेलिंग, पण माणसं म्हणतात काहीतरी 'बेअरी', त्यातला ग गायबच. शिवाय आमच्या ओळखीच्या ताई 'बेअरी' पण म्हणत नव्हत्या, 'बेअरन'कडे जाऊन येते म्हणत होत्या.

अजून एक, स्वीडिशमध्ये भाजण्याचं क्रियापद 'बाका', त्यात क. मग भाजणारा 'बागारे' आणि जागा 'बागेरी', यात ग कुठून आला? सरांना विचारलं तर म्हणाले असंच आहे, पाठ करा. पाठ केलंय, पण मन मानत नाही.

जाणकारांनी जरा सविस्तर सांगा. गुरुवारपर्यंत याच विषयावर चार ओळी लिहून द्यायच्यात.

माल्म्योकर:

ताई, तुमचा गोंधळ अगदी रास्त आहे, मी इथे अकरा वर्षं आहे आणि मलाही हे कळायला वेळ लागला. माझ्या मते किल्ली एवढीच की आपण बेकरी म्हटलं की डोळ्यासमोर दुकान येतं, स्वीडिश माणसासमोर बागेरी म्हटलं की भट्टी येते. जिथे भाजतात ती जागा. मग ती दोन माणसांची असो की दोनशे माणसांची, विकत असोत वा नसोत, बागेरीच. म्हणून पोलारब्र्योदचा कारखाना बागेरी, माल्म्योतलं पोगेन, 1878 पासूनचं, केवढं मोठं झालंय तरी बागेरी, आणि फिलिपस्टाडला तो कुरकुरीत क्नेकेब्र्योद बनतो तेही बागेरीच. फॅक्टरीसाठी वेगळा शब्द आहे, फाब्रीक, तोही वापरतात, पण ब्रेड म्हटलं की बागेरी म्हणायला त्यांना काही खटकत नाही.

आणि म्हणूनच छोट्या जागांना पुढे शेपूट नाही तर डोकं जोडावं लागतं: हेमबागेरी (घरगुती पद्धतीची छोटी बेकरी), स्टेनउंगन्सबागेरी (दगडी भट्टीची). हे दुसरं तर गेल्या काही वर्षांत सगळीकडे दिसतं, आंबवलेल्या पिठाचे जाड सालीचे पाव, बाहेर रांग, आणि हो, आता तिथे खुर्च्या पण असतात. त्यामुळे तुमच्या मैत्रिणीचा नियम पूर्वी पक्का होता, आज तितका पक्का राहिलेला नाही.

कोंडितोरी हे मूळचं जर्मन, कोंडिटोराय वरून आलं, त्याच्या मागे लॅटिनमधला मुरवणे, मसाला लावणे असा शब्द आहे. म्हणजे मुळातच तिथे पावाशी संबंध नाही, साखरेशी आहे. बागारे पीठ मळतो, फुगवतो, भाजतो. कोंडितोर क्रीम, मार्झिपान (बदाम-साखरेचा मऊ गोळा), चॉकलेट, थरांचे केक हे करतो. हे नुसतं बोलण्यापुरतं नाही, इथे कारागिरीची परीक्षा देऊन जे येसेलब्रेव मिळतं ना (शिकाऊपण संपल्याचं प्रमाणपत्र), ते बागारेचं वेगळं आणि कोंडितोरचं वेगळं. माझ्या शेजारच्या काकांकडे दोन्ही आहेत आणि दोन्ही फ्रेम करून भिंतीवर लावलीयेत, आणि मला विचाराल तर लावायलाच पाहिजेत, एकेकाला कित्येक वर्षं लागतात.

आता कोंडितोरीचा अर्थ माणसांच्या तोंडी 'बसून कॉफी आणि गोड खायची जागा' असा झालाय. गोल टेबलं, लेसचे पडदे, हिरव्या मार्झिपानचा प्रिन्सेसतोर्ता, 6 नोव्हेंबरला गुस्ताव आदोल्फची बाकेल्से (तो राजा 1632 ला त्याच दिवशी ल्युट्झेनच्या लढाईत पडला, त्याच्या नावाची पेस्ट्री, वर राजाचा चेहरा चिकटवलेला असतो, गोथेनबर्गकडे जास्त).

लाडाने कोंडितोरीला कोंडीस म्हणतात. आणि इथे जपून, कारण कोंडीस म्हणजे दमसास पण! कोंडिशनचं लघुरूप. 'त्याचा कोंडीस चांगला आहे' म्हणजे तो पळताना दमत नाही. 'कोंडीसवर जाऊया' म्हणजे केक खायला जाऊया. वाक्यावरूनच कळतं.

एक अजून, 'काका' हा शब्द. स्वीडिशमध्ये काका म्हणजे साधारण बिस्किट किंवा साधा न सजवलेला केक, आणि क्रीमचा थरांचा केक म्हणजे तोर्ता. डॅनिशमध्ये कागे म्हणजे सगळेच केक. त्यामुळे पुलापलीकडे गेल्यावर ऑर्डर देताना बोट दाखवलेलं बरं.

सायकलस्वार (कोपनहेगन):

माल्म्योकर दादांनी स्वीडनचं छान सांगितलं, मी पुलापलीकडचं सांगते. मृद्गंध ताई, तुमच्या ओळखीच्या ताई बरोबर बोलत होत्या. डॅनिशमध्ये माणूस जागेकडे जात नाही, माणसाकडे जातो. 'बागेर' म्हणजे बेकर (लिहिताना ग, बोलताना बेअर, ग जवळजवळ ऐकूच येत नाही), 'बेअरन' म्हणजे तो बेकर. रविवारी सकाळी घरात विचारतात, कोण जातंय बेअरनकडे? आणि बेअरन बंद आहे, नवीन बेअरन उघडलाय, असंही म्हणतात, म्हणजे दुकानच. बेअरी हा शब्द जास्त करून पाटीवर, बातमीत, नोकरीच्या जाहिरातीत. मी इथे आल्यावर पहिले सहा महिने बेअरी बेअरी म्हणत होते, कुणी चूक म्हणालं नाही पण सासूबाईंनी (नवरा डॅनिश) एकदा प्रेमाने सांगितलं की घरचं माणूस बेअरनकडे जातं. ते वाक्य मला फार आवडलं. घरच्या माणसात धरलं असं वाटलं.

दुकान ओळखायचं तर दारावर सोनेरी क्रिंगले बघा, तो गाठ मारल्यासारखा पावाचा आकार, वर मुकुट. डेन्मार्कभर बेकरची तीच खूण. अक्षर न वाचताही कळतं.

काउंटरमागे ज्या मुली असतात त्यांना बेअरयोम्फ्रू म्हणतात, शब्दशः बेकरची कुमारिका, जुना शब्द आहे पण अजून लोक वापरतात, बरीच कॉलेजची मुलं-मुली शनिवार-रविवार हे काम करतात.

आता जे मला मनापासून सांगायचंय ते हे की या शब्दाभोवती भाषेत केवढं काय काय साठलंय बघा. रोजचा पाव म्हणजे राईचा, काळसर, रूगब्र्यो. गव्हाचा पांढरा पाव म्हणजे चैन. म्हणून लग्नानंतरच्या पहिल्या गोड दिवसांना डॅनिशमध्ये वेदेब्र्योसदेअ म्हणतात, गव्हाच्या पावाचे दिवस! आणि म्हण आहे की बेकरच्या पोरांना गव्हाचा पाव देऊ नये, म्हणजे ज्याच्याकडे जे रगड आहे तेच त्याला भेट कशाला. या दोन शब्दांतून त्या काळच्या घरात काय शिजत होतं आणि काय नव्हतं ते सगळं कळतं.

आणि वेदर. मोठा प्रार्थनादिन, स्टोअ बेदेदेअ, 1686 पासून होता, ईस्टरनंतरचा चौथा शुक्रवार. त्या दिवशी बेकरला काम करायची मनाई, म्हणून आदल्या दिवशी गव्हाचे चौकोनी बन, तेच हे वेदर, भाजून ठेवायचे आणि लोकांनी घरी गरम करून खायचे. पुढे लोक थांबेनात, आदल्या संध्याकाळीच गरम गरम खायला लागले, वेलची घातलेले, वर लोणी. सरकारने 2024 पासून ती सुट्टी काढून टाकली, खूप मोर्चे निघाले तेव्हा. सुट्टी गेली पण वेदर गेले नाहीत, आमच्या कोपऱ्यावरच्या बेअरनकडे आदल्या दिवशी रांग होतीच. मी मुद्दाम गेले होते.

अजून दोन छोट्या गोष्टी. मधे पिवळं कस्टर्ड असलेली जी गोल पेस्ट्री असते, स्पांदाउअर, तिला लोक 'बेकरचा बिघडलेला डोळा' म्हणतात, एकदा ऐकलं की प्रत्येक वेळी डोळाच दिसतो. आणि 'बेए पो' म्हणजे शब्दशः कुणावर तरी भाजणे, अर्थ कुणावर लाइन मारणे. तेव्हा भाजण्याचं क्रियापद पुढे कुठलं अव्यय घेतंय ते बघून वापरा.

मृद्गंध:

अगं किती सुंदर! गव्हाच्या पावाचे दिवस... हे मी वहीत लिहून घेतलं. 'घरचं माणूस बेअरनकडे जातं' हे पण.

मग जगभर ज्याला डॅनिश पेस्ट्री म्हणतात ते पण बेअरनकडेच मिळतं ना, की कोंडितोरीत?

सायकलस्वार (कोपनहेगन):

बेअरनकडेच. फक्त इथे त्याला डॅनिश कुणी म्हणत नाही, वीनरब्र्यो म्हणतात, म्हणजे व्हिएन्नाचा पाव. 1850 मध्ये कोपनहेगनच्या बेकरी कामगारांनी संप केला तेव्हा मालकांनी बाहेरून कारागीर आणले, त्यात ऑस्ट्रियाचे होते, त्यांची पद्धत इथे रुजली आणि मग इथल्यांनी त्यात लोणी वाढवत नेलं. गंमत म्हणजे व्हिएन्नात त्याला कोपनहेगनचं म्हणतात. दोघंही एकमेकांना श्रेय देतायत, मला तर हे छान वाटतं.

कोंडितोरी पण आहेत, 1870 पासूनचं ला ग्लास आहे ना स्ट्रोगेट या बाजारपेठेच्या रस्त्याजवळ, तिथे जाऊन बसायचं, थरांचा केक, क्रीम. पण ते वाढदिवसाला, आईला घेऊन. रोजचं बेअरन. आणि इथे शिक्षण एकाच छत्राखाली आहे, 'बेकर आणि कोंडितोर' असा एकच कोर्स, पुढे फाटे फुटतात.

सहज_सुचलं:

मला भाषेतलं फार कळत नाही पण वाचताना एकदम चमकलं, आपलं 'भाजणे' आणि यांचं 'बाका', 'बेए' हे एकच नसेल का? भ चा ब झाला, ज चा ग किंवा क. संस्कृत आणि युरोपातल्या भाषा बहिणीच ना शेवटी. कुणी सांगेल का?

धातुकोश:

@सहज_सुचलं, शंका चांगली आहे, अर्थ आणि आवाज दोन्ही जवळ आहेत म्हणून मोह होतो, पण नाही. भाजणे हे संस्कृत भृज्ज् वरून, त्यात मधे ऋ म्हणजे र-कार आहे, तो प्राकृतात गळला म्हणून आज दिसत नाही. बाका, बाके, इंग्रजी बेक यांच्या मुळात र कधीच नव्हता. त्यांचा सख्खा नातेवाईक सापडतो तो ग्रीकमध्ये, फोगेइन, भाजणे. दोन वेगळ्या घरची माणसं चेहऱ्याने सारखी दिसतात एवढंच. मात्र बागेरी आणि इंग्रजीतून आपल्याकडे आलेलं बेकरी ही खरी चुलत भावंडं आहेत, एकाने दुसऱ्याकडून घेतलेलं नाही, क्रियापद दोघांचंही वडिलोपार्जित जर्मानिक.

आता मृद्गंध यांचा क आणि ग. सर म्हणाले असंच आहे, पण त्यामागे कारण आहे आणि ते तुमच्या खिडकीतून दिसतंय, पूल! डॅनिशमध्ये मध्ययुगात स्वरानंतर आलेले प, त, क मऊ होऊन ब, द, ग झाले. स्वीडिशमध्ये तसं झालं नाही. म्हणून जोड्या लावून बघा: स्वीडिश काका, डॅनिश कागे. स्वीडिश बूक म्हणजे पुस्तक, डॅनिश लिहितात बोग. छप्पर ताक आणि ताग. रस्ता गाता आणि गादे. उघडा ओपेन आणि ओबेन. पूर्ण ओळ सरळ लागते. मग या नियमाने स्वीडिशमध्ये बाकारे, बाकेरी असायला हवं. क्रियापद बाका तसंच राहिलं, कारण ते घराघरातलं, प्रत्येक बाई रोज बोलत होती. पण बागारे आणि बागेरी ही धंद्याची नावं, त्यांत डॅनिश ग शिरला आणि तसाच राहिला. म्हणजे घरातला शब्द स्वतःचा आणि बाजारातला शब्द शेजाऱ्याच्या वळणाचा. हे मला या सगळ्यात सगळ्यात मोलाचं वाटतं, कारण यावरून कोणता शब्द कुठे राहत होता ते कळतं.

डॅनिश मात्र तिथे थांबली नाही. ग झाला, मग तो ग पण मऊ होत होत य सारखा झाला, मग बऱ्याच जणांच्या तोंडी उरलाच नाही. लिहिण्यात राहिला, म्हणून तुम्हाला पाटीवर दिसतो आणि कानाला लागत नाही.

आता शेवटचं 'एरी'. हे मुळात यांचं नव्हेच, फ्रेंचमधून उत्तर जर्मनीतल्या 'लो जर्मन' भाषेत आलं, तिथून हान्सा (मध्ययुगातला जर्मन व्यापारी संघ) व्यापाऱ्यांबरोबर उत्तरेकडे. त्याचे दोन उपयोग आहेत. एक, कामाची जागा: ब्रिगेरी म्हणजे बिअर बनवायची जागा, मेयेरी दुधाची, स्लाक्तेरी खाटिकखाना, त्रिकेरी छापखाना, त्वेतेरी धुलाईची. हा गट बघितला की माल्म्योकर म्हणाले ते आपोआप पटतं, सगळ्यांत काम महत्त्वाचं, विक्री नाही. छापखान्यात जाऊन आपण बसतो का? तसंच बागेरीत बसायचं नाही.

दुसरा उपयोग, सारखं सारखं केलेलं किंवा नकोसं वर्तन: तिगेरी म्हणजे भीक मागणं, हिकलेरी म्हणजे ढोंग, स्लावेरी म्हणजे गुलामी. इथे जागा नाही, वागणं आहे. त्यामुळे एरी दिसलं की दुकान असं समजू नका, आधी क्रियापद बघा.

फ्योर्डकाठी:

बर्गनहून लिहितोय, नॉर्वे राहिलं म्हणून आलो. आमच्याकडे बाकेरी, क सकट, आणि बोलतानाही क ऐकू येतो, म्हणून नॉर्वेजियन शिकणाऱ्याला हा त्रास नाही. वेगळा त्रास आहे. 'बाकेर' म्हणजे बेकर पण आणि भाजतो/भाजते पण. याय बाकेर, मी भाजतो. एन बाकेर, एक बेकर. 'बाकेरन बाकेर', बेकर भाजतोय. आणि नुसतं 'बाक' म्हणजे मागे. बाकेरीच्या मागे हे वाक्य म्हणून बघा, बाक बाकेरीएत. सुरुवातीला जीभ अडखळते. आणि निनोश्क म्हणजे नॉर्वेजियनची जी दुसरी लेखी पद्धत आहे, पश्चिमेत जास्त, त्यात बेकरला बाकार म्हणतात, म्हणून इथे गावोगावी दोन्ही दिसतं.

पण मला सांगायचंय ते वेगळं. धातुकोश म्हणाले घरातला शब्द आणि बाजारातला शब्द, ते नॉर्वेत अजून स्पष्ट दिसतं. बाकेरी हा शहराचा शब्द. खेड्यात बाकेरी नव्हतीच. शेतावर एक वेगळं छोटं घर असायचं, एल्डहूस, अग्नीचं घर, मुख्य घराला आग लागू नये म्हणून लांब बांधलेलं, तिथे वर्षातून थोडेच दिवस पण एकदम ढीगभर फ्लातब्र्योद भाजायचे, पापडासारखा पातळ कोरडा पाव, कित्येक महिने टिकणारा. त्यासाठी बाक्स्तेचेरिंग यायची, म्हणजे भाजणारी बाई, शेतावरून शेतावर फिरायची, तिचा हात चालला की वर्षाची बेगमी. त्या कामाला बाक्स्त म्हणतात आणि भाजून झालेल्या पदार्थांनाही बाक्स्तच. आज बर्गनच्या दुकानाच्या पाटीवर बाक्स्त लिहिलेलं दिसतं, दालचिनीच्या गुंडाळ्या, वर नारळ लावलेले स्कूलेब्र्योद, पण शब्द त्या धुराच्या खोलीतून आलाय. स्वीडनच्या उत्तरेत पण असं सामायिक भाजायचं घर असतं, बागारस्तूगा, तिथे अजून गावकरी पाळीपाळीने तुनब्र्योद भाजतात, माल्म्योकर सांगतील.

त्या बायांची नावं कुठे लिहिलेली नाहीत. दुकानवाल्या बाकेरची नावं पाट्यांवर राहिली. मला हे नेहमी लागून राहतं.

आणि म्हण! नॉर्वे-डेन्मार्क दोन्हीकडे चालते, रेते बाकेर फोर स्मेद. लोहाराच्या जागी बेकरला शिक्षा. योहान हेर्मान वेसेल, जन्म नॉर्वेचा, आयुष्य कोपनहेगनमध्ये, त्याची 1777 ची कविता आहे. गावात लोहार एकच, त्याने भांडणात माणूस मारला. कायदा म्हणतो जिवाला जीव. गावकरी म्हणाले लोहार गेला तर आमचं कसं चालणार, एकच तर आहे. बेकर मात्र दोन आहेत. मग एका म्हाताऱ्या बेकरला फाशी. आपली 'चोर सोडून संन्याशाला सुळी' अगदी हीच. पण बघा, आपला संन्याशी मधे सापडला म्हणून गेला, त्यांचा बेकर दोन होते म्हणून गेला. इथे ऑफिसात, राजकारणात, फुटबॉलच्या बातम्यांत ही म्हण रोज वाचायला मिळते.

ज्वालामुखी:

फ्योर्डकाठी, ही म्हण आइसलँडला पण आहे! मी रेक्याविकला चार वर्षं आहे, संशोधनासाठी आलो. इथे म्हणतात 'लोहाराऐवजी बेकरला लटकवणे', फक्त एक सरक झालीये. इथे स्मिदुर म्हणजे कोणताही हातचा कारागीर, आणि आज बोलताना बहुतेकदा सुतार. म्हणून माझ्या इथल्या मित्रांच्या डोक्यात सुतार वाचतो आणि बेकर मरतो.

आइसलँडिकमध्ये बाकारि म्हणजे बेकर आणि बाकारी म्हणजे बेकरी. लिहिताना फरक फक्त शेवटच्या इ वरच्या एका तिरक्या रेघेचा. मी एकदा ती रेघ विसरून मेसेज केला, 'बाकारिसमोर भेटू', मित्र येऊन थेट आत भट्टीवाल्याच्या समोर उभा. अर्थ लागतोच, पण रेघ महत्त्वाची आहे. आपल्या ऱ्हस्व-दीर्घासारखंच, फक्त इथे आवाज पण बदलतो.

इथली पहिली बेकरी 1834 ची, बेर्नहोफ्ट्सबाकारी. डेन्मार्कच्या राज्यात होता तेव्हा हा देश, त्यामुळे शब्द आणि भट्टी दोन्ही तिकडूनच आल्या. जी भाषा कॉम्प्युटरला सुद्धा स्वतःचा शब्द घडवते तिने बाकारी तसाच ठेवलाय, याचं मला आधी नवल वाटलं. आता वाटतं की रोज सकाळी ज्याच्यासाठी बर्फातून चालत जायचं त्याला नवीन नाव द्यायला कुणाला उसंत होती. आणि क्रिंगले, ती कोपनहेगनची खूण, तिचं मूळ जुन्या नॉर्समधलं क्रिंगला म्हणजे वर्तुळ, कडं. रेक्याविकच्या एका मॉलचं नाव क्रिंगलान आहे.

माल्म्योकर:

फ्योर्डकाठी, हो, बागारस्तूगा अजून आहेत नॉरलँडात, मी एकदा गेलोय, लांब लाकडी फावड्यावर पातळ पोळी सरकवायची, दीड मिनिटात भाजून बाहेर. तिथे कुणी विकत नाही, बसतं मात्र सगळं गाव. म्हणजे बसायला जागा आहे पण बागेरी नाही, हे पण बघा!

आणि धातुकोश यांच्या पूर्ण खुलाशाला माझा एक छोटा विरोध. 'बागेरीत बसायचं नाही' हे आज स्टॉकहोममध्ये कुणी मानणार नाही. तिथे ज्यांना चांगला पाव करायचाय ते स्वतःला आवर्जून बागेरी म्हणवतात, कारण त्यात पीठ, भट्टी, पहाटे उठणं हे सगळं येतं, आणि मग दहा खुर्च्या टाकतात. कोंडितोरी म्हटलं की आजीबाईंचं वाटतं म्हणे. मला हे पटत नाही, कोंडितोरी हा फार देखणा शब्द आहे, तो असा बाजूला पडू नये. स्टॉकहोमला गेलात तर वेते-कातेन बघा, 1928 ला एस्टर नूर्डहामार या बाईंनी सुरू केलेलं. सांगतात की नाव काय ठेवणार विचारल्यावर त्या म्हणाल्या 'दे वेते कातेन', म्हणजे देव जाणे, शब्दशः ते मांजरालाच ठाऊक. आणि वेते म्हणजे गहू पण! जाणणे आणि गहू एकाच शब्दात, आणि कोंडितोरीचं नाव झालं गहू-मांजर. यापेक्षा चांगलं नाव मला सुचत नाही.

धातुकोश:

विरोध मान्य. प्रत्यय जागा सांगतो, खुर्च्या किती ते मालक ठरवतो. आणि मांजरवाला वेते हे जाणणे या क्रियापदाचं जुनं इच्छार्थी रूप आहे, 'जाणो' सारखं. आज फक्त अशा ठरलेल्या बोलण्यात उरलंय.

मृद्गंध:

सगळ्यांचे मनापासून आभार, एवढं मिळेल असं वाटलं नव्हतं. आता चार ओळी लिहायला बसले आणि तिसऱ्याच शब्दाला अडकले, ती पु आणि ई ही अव्ययं! मी बागेरीत काम करते, मी बागेरीत आहे, मी बागेरीत जाते, आपल्याला सगळीकडे 'त' पुरतो. स्वीडिशमध्ये?

माल्म्योकर:

नोकरी असेल तर पु: पु एत बागेरी. ते कामाचं ठिकाण म्हणून. प्रत्यक्ष त्या खोलीच्या आत, भट्टीजवळ उभ्या असाल तर ई बागेरीएत. चालत निघाला असाल तर तिल बागेरीएत. आणि कोंडितोरीत बसलात तर पु, 'सित्ता पु कोंडितोरी', तिथे ई म्हटलंत तर कळेल पण कानाला वेगळं लागेल. शेवटचं 'एत' विसरू नका, नपुंसकलिंगी आहे, ते/ती असा भेद नसला तरी हा आहे.

सायकलस्वार (कोपनहेगन):

आणि पूल ओलांडलात की होस बेअरन, बेकरच्या इथे. पु नको, ई नको. माणसाच्या घरी गेल्यासारखं.

मृद्गंध:

लिहिलं. चार ओळींच्या अकरा झाल्या. शेवटची ओळ पुलापलीकडची घातली, डॅनिश आहे म्हणून सर लाल खूण करतील कदाचित, पण ठेवलीये. शनिवारी मैत्रिणीला कोंडितोरीत नेतेय, आणि जमलं तर मे महिन्यात त्या शुक्रवारच्या आदल्या संध्याकाळी वेदर खायला कोपनहेगनला. सायकलस्वार, तेव्हा तुमच्या कोपऱ्यावरचा बेअरन दाखवाल?

सायकलस्वार (कोपनहेगन):

नक्की. सातच्या आत ये, नंतर संपतात.